पंचमीच्या दिवशी बटाट्याची भाकरी

बटाट्याची भाकरी मळायची नसते. शेजारच्या आजींनी हे मला इतकं ऐकवलंय की हल्ली पोळ्यांची कणीक मळतानाही माझा हात मध्येच थबकतो.

तिला भाकरी मीच म्हणते. आजींच्या आयर्लंडात तिला दुसरं काहीतरी नाव आहे, ते माझ्या जिभेवर बसत नाही. उकडलेला बटाटा, थोडा मैदा, लोणी आणि मीठ, एवढाच मामला. जाडसर लाटायची, चाकूने तिचे चार तुकडे करायचे आणि कोरड्या तव्यावर भाजायचे. पहिल्यांदा ऐकलं तेव्हा मला वाटलं, जन्मभर थालीपिठं थापली, पराठे लाटले, मला यात नवीन ते काय शिकायचंय? घरात हे कुणाला वाचायला देणार नाही, म्हणून मोकळेपणाने लिहिते की तसं वाटणं फार काळ टिकलं नाही.

आम्ही कॅनडात रेजिनाला राहतो. मुलगा युनिव्हर्सिटीत आहे, सून सरकारी ऑफिसात. सकाळी दोघं गेली की घरात मी आणि फ्रिजचा आवाज. आजींची ओळख झाली ती कुंपणावरून. मी मागच्या लाकडी डेकवर पापड वाळत घालत होते. त्यांनी पलीकडून डोकावून विचारलं, हे काय आहे? मी लाजले आणि पापड तसेच टाकून घरात पळाले. दुसऱ्या दिवशी आमच्या पायरीवर त्यांच्या बागेतल्या बटाट्यांची पिशवी. मग आभार मानायला बाहेर येणं भागच पडलं.

आजी ऐंशीच्या पुढच्या. नवरा जाऊन बरीच वर्षं झाली, मूलबाळ नाही. एवढ्या घरात एकट्या राहतात आणि मागच्या अंगणात बटाटे लावतात. मला इंग्रजी कळतं बरंचसं, टीव्हीमुळे आणि कानावर पडून पडून. बोलायचं म्हटलं की मात्र शब्द घशात अडकतात. शाळा चौथीपर्यंत झाली, त्यात इंग्रजी नव्हतंच. आणि खरं सांगायचं तर मी मराठीतही फारशी बोलत नाही. लग्न होऊन गेले तेव्हा आळीतल्या बायका सासूबाईंना विचारायच्या, "मुकी आहे का हो सून?"

आजींचं काही अडत नाही. त्या दोघींच्या वाटचं बोलतात. मला 'लव्ह' म्हणतात. पहिल्यांदा म्हणाल्या तेव्हा मला घाम फुटला. सून हसून म्हणाली, "अहो आई, त्या बस ड्रायव्हरलाही तसंच म्हणतात." मी त्यांना आजी म्हणते. नावाने हाक मार म्हणून त्यांनी दोनतीनदा सांगून पाहिलं. एवढ्या वडीलधाऱ्या बाईला नावाने हाक मारायची म्हणजे माझे कान तापतात. शेवटी त्यांनीच नाद सोडला. आता 'आजी' म्हटलं की ओ देतात.

यंदा जुलैत आजी मागच्या पायरीवरून पडल्या आणि उजवं मनगट मोडलं. कोपरापर्यंत प्लास्टर. मी रोज जायला लागले. चहा करायचा, भांडी घासायची, त्यांच्या ब्लाऊजची बटणं लावायची. त्या खुर्चीत बसून हुकूम सोडायच्या, मी पाळायचे. मला छान वाटत होतं. सुनेच्या घरात सगळी कामं मशीन करतं, इथे माझी कुणाला तरी गरज होती. हळूहळू पाण्याचा ग्लाससुद्धा मी त्यांच्या डाव्या हातात नेऊन द्यायला लागले. त्याही घ्यायच्या.

अशाच एका दुपारी त्यांच्या धाकट्या बहिणीचा टोरोंटोहून फोन आला. फोन धरून ठेवायला नको म्हणून आजी तो स्पीकरवर टाकतात, त्यामुळे मला सगळं ऐकू येत होतं.

"तू आता घर विक," बहीण म्हणाली. "माझ्या फ्लॅटजवळ म्हाताऱ्या माणसांसाठी सीनियर होम आहे. मी खोली बघून ठेवलीये. आज मनगट मोडलं, उद्या डोकं फुटेल. चार दिवस कुणाला पत्ता लागायचा नाही."

"मला काय झालंय? माझं सगळं मी करते," आजी म्हणाल्या. मी त्या वेळी त्यांचे कप विसळत होते. "अगं, परवा तर बटाट्याची भाकरी केली."

बहिणीने लगेच विचारलं,

"एका हाताने?"

"एका हाताने."

"मग मी येतेच. आईच्या हातची होती तशी भाकरी किती वर्षांत खाल्ली नाही. माझ्यासमोर ताजी करून घाल. जमली तर घराचं नाव काढणार नाही. नाही जमली तर सामान बांधायचं. कबूल?"

"कबूल," आजी म्हणाल्या आणि फोन बंद केला. मग खिडकीबाहेरच्या आपल्या बटाट्यांच्या वाफ्याकडे नजर टाकली आणि मला म्हणाल्या, "लव्ह, तुला भाकरी येते ना?"

त्या गेल्या तर मला या गावात हाक मारणारं कोण उरणार होतं? मी मान हलवली. येते म्हटलं. का नाही येणार?

बहीण यायला अजून वेळ होता. तोवर सराव करून घ्यायचा आणि त्या दिवशी बहिणीला बाहेरच्या खोलीत बसवून भाकरी मी करायची, असा आजींचा बेत. मी लगेच कामाला लागले. बटाटे उकडले, चांगले गार केले, सोलले, किसले. मैदा आणि मीठ घातलं. तेलाचा हात लावून गोळा छान तिंबला आणि ओल्या फडक्याखाली झाकून ठेवला. पुरणपोळीची कणीक मुरायला ठेवतात तसा. स्वतःवर खूश होऊन मी ओटाही पुसून घेतला.

आजी आत आल्या. फडक्याकडे बघून म्हणाल्या, "याला झाकलंय कशाला? वारलं का?"

फडकं उचललं तर खरंच वारल्यासारखं होतं. बटाट्याला पाणी सुटून खाली नुसती खळ झाली होती. घाबरून मी मैदा घातला, आणखी घातला, आणखी घातला. लाटून भाजली. आजींनी एक घास चावायला घेतला आणि बराच वेळ चावतच राहिल्या.

"चांगली आहे," त्या म्हणाल्या. "मनगट बरं झालं की हिचे बुटाला तळ लावीन."

मग त्यांनी खुर्ची ओट्याजवळ ओढून घेतली आणि मला पहिल्यापासून शिकवलं. बटाटा पिठूळ हवा, बागेतला नवा कोवळा चालत नाही. उकडून पाणी काढलं की पातेलं पुन्हा शेगडीवर ठेवायचं आणि वाफ पार जाऊ द्यायची. गरम असतानाच कुस्करायचा, लोणी त्यातच विरघळलं पाहिजे. मैदा फक्त गोळा जमण्यापुरता. आणि लगेच लाटायचं. "मळायचं नाही, ठेवायचं नाही, विचार करायचा नाही," त्या म्हणाल्या. "हात भाजला नाही तर समज, उशीर झाला."

पुढच्या खेपेला बरी झाली. फक्त आजींचं लक्ष नाही असं बघून मी त्यात थोडी हिरवी मिरची आणि कोथिंबीर घातली. मला राहवेना. बटाटा आणि त्यात मिरची नाही? आजींनी घास घेतला, डोळे मोठे केले, पाणी प्यायल्या आणि मुकाट्याने सगळं संपवून दुसरा तुकडा मागितला. "हे आपलं आपल्यात," त्या म्हणाल्या. "बहिणीला असलं घातलंस तर ती पोलीस बोलावेल."

त्यानंतर मात्र हात बसला. वरून खरपूस डाग, आतून मऊ, आणि लोणी लावलं की वास घरभर. बहिणीच्या विमानाच्या आदल्या दिवशी आजी म्हणाल्या, "आता तुला माझ्या आईनेही नापास केलं नसतं." त्या रात्री मला शांत झोप लागली.

सकाळी चहाला बसलो होतो तेवढ्यात गावाकडून धाकट्या भावाचा फोन आला.

"ताई, तवा नाही ना ठेवलास?"

माझ्या हातातला कप तसाच राहिला. नागपंचमी! आमच्या माहेरी पंचमीला काही चिरत नाहीत, कापत नाहीत, चुलीवर तवा चढत नाही. वाफवलेले पुरणाचे दिंड खायचे, बस. लग्न झाल्यापासून मी हे भावासाठी पाळत आले आहे. तो दरवर्षी फोन करून हे एवढंच विचारतो. भाकरीच्या नादात मी कॅलेंडरकडे बघितलंच नव्हतं.

"विसरली होतीस?"

"नाही रे."

"खोटं. तुझा आवाज लगेच बारीक होतो. तिकडे नाग नाहीत म्हणून सूट घेऊ नकोस हं. मी इकडे रानात अनवाणी हिंडतो," आणि हसत सुटला. तो चेष्टेनेच म्हणतो. पण उसाला पाणी द्यायला त्याला रात्री अंधारात जावं लागतं हेही खरंच आहे.

मी फोन ठेवून सगळा घोळ सांगितला. मुलगा म्हणाला, "आई, ओव्हनमध्ये कर. ओव्हन म्हणजे काही तवा नाही."

"आणि कापायची कशी?" सुनेने विचारलं.

"पिझ्झा कटरने."

"तोही चाकूच झाला ना!"

"मग कालवणाच्या डावाने... आई, इतकं कोण बघतंय?"

"मामा बघतायत," सून म्हणाली आणि माझ्याकडे वळली. "मी थांबले असते हो आई, पण आज मीटिंग आहे. आणि मी केली तर आजींना नक्कीच जावं लागेल." तेही खोटं नव्हतं. सुनेच्या पोळ्या सगळ्या नकाशासारख्या होतात, ती स्वतःच सांगते.

दोघं गेली. मी पाटावर गंधाने नाग काढला, दूध-लाह्या ठेवल्या, हात जोडले आणि तशीच शेजारी गेले. वाटेत वाक्यं जुळवत होते. कुणाला 'नाही' म्हणायचं तर मला मराठीतसुद्धा जमत नाही.

आजी नवा फुलाफुलांचा ब्लाऊज घालून तयार बसल्या होत्या, वरचं बटण लावायचं राहिलेलं. मी ते लावलं आणि मग सांगायला लागले. टुडे, स्नेक. स्नेक गॉड. ब्रदर. नो नाइफ. नो पॅन. हाताने फणा काढून दाखवला. आजींना समजलं, पण नीट समजायला वेळ लागला.

"साप?" त्या म्हणाल्या. "आमच्या आयर्लंडात सापच नाहीत. एका संताने सगळे समुद्रात हाकलून दिले."

मी चुकचुकले. आम्ही दूध ठेवतो आणि यांनी हाकलून दिले! आजींना माझा चेहरा बघून हसू आलं. मग हसू गेलं आणि त्या घड्याळाकडे बघायला लागल्या. बहिणीचं विमान केव्हाच उडालं होतं. मला रडू यायला लागलं होतं.

"थांब," आजी म्हणाल्या. "बटाटा कुस्करलेला तुझ्या देवाला चालतो?"

मी मान हलवली.

"लाटलेलं?"

चालतं.

"कापणं नाही, तवा नाही. मिरची?"

मिरची चिरावी लागते, म्हणजे तीही नाही.

"चला, काहीतरी फायदा झाला," म्हणून आजी खुर्चीतून उठल्या.

मी गरम बटाटा कुस्करला, लोणी आणि मैदा मिसळला, पटकन लाटलं. आजींनी डाव्या हातात चाकू घेतला. पडल्यापासून त्यांच्या हातात चाकू मी पाहिलाच नव्हता, दिलाच नव्हता. पहिला काप तिरका गेला, दुसरा त्याहून तिरका. चार तुकडे झाले खरे, पण एक भला मोठा आणि एक लिंबाच्या फोडीएवढा. मग तवा. त्यांचा तवा बिडाचा आहे, चांगला जड. एका बाजूने डावा हात आणि दुसऱ्या बाजूने प्लास्टरचं कोपर लावून त्यांनी तो कपाटातून ओट्यावर आणला. सवयीने माझा हात पुढे झाला.

"हात मागे!" आजी ओरडल्या. "साप!"

मी दोन्ही हात पदराखाली घेऊन उभी राहिले. माझ्यासारखीला नुसतं बघत राहणं म्हणजे शिक्षा. पहिला तुकडा उलटताना शेगडीवर पडून मोडला. आजींनी तो फुंकर मारून तोंडात टाकला. "पुरावा नको," त्या म्हणाल्या. दुसरा उलटला, पण दुमडून. तिसऱ्याला त्यांनी उलथनं कसं धरायचं ते शोधून काढलं, अंगठा वर आणि मनगट जरा आत. तुकडा अलगद उलटा पडला. आजींनी माझ्याकडे अशा ऐटीत बघितलं की मी तोंडाला पदर लावून हसले. मी दुसरी पोळी लाटली, त्यांनी कापली. या वेळी तुकडे भावंडांसारखे दिसत होते. त्यांचे गाल लाल झाले होते, कपाळावर मैदा. त्या गुणगुणतही होत्या.

"तू डावखुरी कधीपासून झालीस?"

दारात त्यांची धाकटी बहीण उभी होती. हातात बॅग, ओठाला लिपस्टिक, अंगावर मस्त इस्त्रीचा कोट. विमान लवकर आलं होतं आणि आजींचं मागचं दार उन्हाळ्यात उघडंच असतं.

"मनगट मोडल्यापासून," आजी तव्यावरून नजर न हलवता म्हणाल्या. "बॅग ठेव आणि हात धू."

बाईंनी मला वरपासून खालपर्यंत न्याहाळलं. "या कोण?"

"शेजारीण. मला कशालाही हात लावू देत नाही. आज हिच्या देवाने हिला अडवलं म्हणून माझी सुटका झाली."

बोलून गेल्या आणि मग जीभ चावली. बाईंनी बॅग सावकाश खाली ठेवली.

"म्हणजे रोज या करतात," त्या म्हणाल्या आणि थेट माझ्याकडे वळल्या. "तुम्ही सांगा. खरं काय ते. हिचं हिला होतं का?"

तव्यावर तुकडा चुरचुरत होता. आजी माझ्याकडे बघत होत्या, उलथनं तसंच हवेत. सगळं हीच करते म्हटलं तर खोटं, मी करते म्हटलं तर घर गेलं. मान हलवून भागणार नव्हतं.

"बिफोर, मी," मी छातीवर हात ठेवून म्हटलं. "टुडे, शी. नाइफ शी, पॅन शी. मी ओन्ली पोटॅटो."

"आणि उद्या?"

हे मी ठरवून आले नव्हते. "टुमॉरो शी," मी म्हटलं. "एव्हरी डे शी. आय सिट."

"ऐकलंस?" आजी म्हणाल्या आणि तुकडा उलटला. जरा करपला होता.

बाई एवढ्यावर ऐकणाऱ्यातल्या नव्हत्या. "आणि हिवाळ्यात? बर्फ एका हाताने उपसणार आहेस का? पुन्हा घसरून पडायला?"

याचं उत्तर माझ्याकडे होतं.

"माय सन," मी म्हटलं.

मग बाई बसल्या. लोणी लावून पहिला घास घेतला आणि डोळे मिटून चावला. आम्ही दोघी उभ्याच.

"आईची याहून पातळ असायची," त्या म्हणाल्या.

"आईला दोन हात होते."

"आणि मीठ कमी आहे."

"मीठ समोर आहे. घे की."

बाईंनी मीठ काही घेतलं नाही. बोलता बोलता दुसरा तुकडा घेतला, मग तिसरा. मला बस म्हणाल्या, खा म्हणाल्या. मी हात जोडून नको म्हटलं तेव्हा त्यांची भुवई वर गेली. "स्वतः लाटलेलं खात नाही? यात काय घातलंय?" मग आजींना पुन्हा साप, देव, भाऊ, तवा हे सगळं समजावून सांगावं लागलं. बाईंनी नीट ऐकून घेतलं आणि म्हणाल्या, "माझ्यासाठी कुणी एक दिवस कॉफीसुद्धा सोडली नसती," आणि बहिणीकडे बघितलं.

"तुझ्यासाठी आत्ता हात भाजून घेतला," आजी म्हणाल्या. खरंच अंगठ्यावर लाल चट्टा उठला होता. बाईंनी उठून नळ सोडला आणि त्यांचा हात धरून पाण्याखाली ठेवला. दोघींची पाठ माझ्याकडे होती.

"एक हिवाळा," बाई म्हणाल्या. "उन्हाळ्यात येऊन बघेन. खोलीवाल्यांना कळवते नको म्हणून. पण मागच्या पायरीला कठडा बसवल्याशिवाय मी जाणार नाही."

"कठडा बसव. पैसे तू दे," आजी म्हणाल्या.

संध्याकाळी मुलगा घरी आल्यावर मी दिंडांचं ताट पुढे ठेवलं, त्यावर तूप जरा जास्तच सोडलं.

"काय झालं?" त्याला लगेच शंका आली.

"यंदा आजींकडचा बर्फ तू काढायचास. मी सांगून आले."

"कुणाला?"

"बहिणीला. टोरोंटोच्या."

त्याने घास खाली ठेवला. "आई, तू त्यांच्याशी बोललीस? इंग्रजीत?" सून ओट्याला टेकून हसायलाच लागली. मुलगा म्हणाला, "आणि मला न विचारता?"

"विचारायला वेळ कुठे होता?" मी म्हटलं आणि आणखी एक दिंड वाढला.

दुसऱ्या दिवशी सकाळी सवयीने आजींकडे गेले. बहीण अजून उठली नव्हती. नेहमीप्रमाणे मी थेट ओट्याकडे वळले तर आजींनी डाव्या हाताने खुर्ची दाखवली.

"आय सिट, असं कोण म्हणालं होतं?"

मी बसले. इतके दिवस येतेय, पण त्या खुर्चीत मी कधी बसलेच नव्हते. तिथून पहिल्यांदाच दिसलं की बटाट्यांच्या वाफ्यात किती तण माजलंय. आजींनी किटली उचलली. माझ्या हातांनी आपोआप टेबलाची कड घट्ट धरली. धार कपात कमी आणि बशीत जास्त पडत होती. त्यांनी कप-बशी हेलकावत आणून माझ्यासमोर ठेवली आणि धापा टाकत समोर बसल्या.

बशी काठोकाठ भरली होती. मी ती दोन्ही हातांनी उचलली आणि आधी बशीतला चहा प्यायले.